स्टुलावरची भाषणं

(मुलींच्या वसतिगृहातली जेवणाची खोली. दुपार. लांबलचक बाकं आणि भिंतीशी एक उंच लाकडी स्टूल.)

साहेब : ...आणि मी तुला विचारत नाहीये, सांगतोय. अर्ज मागे घ्यायची मुदत तीन वाजता संपते. त्या पोरीला आत्ता फोन लाव.

लेक : पोरगी काय म्हणता, बाबा? वकील आहे ती. शिवाय तुमच्याविरुद्ध निवडणुकीला उभी आहे. जरा मानानं घ्या तिचं नाव.

साहेब : नाव! सगळं गाव तिला भोंगा म्हणतं. सात वेळा निवडून आलेल्या माणसासमोर कोण उभं, तर भोंगा! आणि तिला उभी कोणी केली? माझ्या पोटच्या पोरीनं!

लेक : मी फक्त अर्जावर सूचक म्हणून सही केली. उभी ती तिच्या पायांवर आहे.

साहेब : तुझी सही म्हणजे काय, कळतं का तुला? पेपरात काय आलंय वाचलंस? ‘दानशूर कन्या वडिलांच्या विरोधात.’ अगं, ते दानशूर मी लावलं तुझ्या नावापुढे! प्रत्येक भाषणात सांगत आलो, माझी लेक गरिबांच्या मुली सांभाळते, माझी लेक म्हणजे नुसती माया!

लेक : आणि मी शेजारी हात जोडून उभी. पाठच होतं मला. तुम्ही माया म्हणालात की मान किंचित खाली घालायची.

साहेब : मग आज काय झालं?

लेक : मान दुखायला लागली.

भोंगा : ताई, आत येऊ का? आलेच! अगंबाई, साहेब! नमस्कार करते हं. विरोधी उमेदवाराचा नमस्कार चालतो ना तुम्हाला? खालपर्यंत आवाज येत होता तुमचा. म्हटलं, सभा इथेच घेतली की काय!

साहेब : बरी आलीस. ऐक. तुझं वय नाही, तुझ्याकडे गाड्या नाहीत, माणसं नाहीत. अनामत जप्त होईल. तुझ्या भल्याचं सांगतोय.

भोंगा : अहो, गाड्या कशाला हव्यात? तुम्हाला सभेला माणसं आणावी लागतात, पोचवावी लागतात, वर नाश्ता द्यावा लागतो. माझ्याकडे या स्टुलावरच्या पोरी आहेत.

साहेब : कुठल्या?

भोंगा : या स्टुलावर उभं राहून बोलायला शिकलेल्या! ताईंचा नियम. जेवायच्या आधी रोज एकीनं इथं चढायचं आणि दोन मिनिटं बोलायचं. कशावरही. मी आले तेव्हा बारा वर्षांची. पहिल्यांदा चढले आणि नुसती रडले. दुसऱ्यांदाही रडले. तिसऱ्यांदा जी सुटले ती थांबेचना! सगळ्यांचं जेवण गार. एक मोठी मुलगी ओरडली, अगं, या भोंग्याला कोणीतरी बंद करा! ते नाव चिकटलं ते चिकटलंच.

साहेब : हो, ठाऊक आहे मला. मी हसलो होतो तेव्हा. म्हटलं, करू दे पोरीला पोरखेळ.

लेक : हसलात म्हणून तर वाचलो. तुम्ही ते कधी गांभीर्यानं घेतलं असतंत तर पहिल्याच वर्षी बंद पाडलं असतं. आता त्या पोरी गल्लीगल्लीत संसार करतायत, बाबा. कोणी शिक्षिका, कोणी परिचारिका, कोणाचं शिवणाचं दुकान. नळावर, दवाखान्याच्या रांगेत, शाळेच्या फाटकाशी, चार बायका दिसल्या की उभ्या राहतात आणि दोन मिनिटं बोलतात. घसा न खरवडता.

भोंगा : आणि आता रडत नाहीत हं!

साहेब : बरं. फार छान. आता माझंही ऐका. ही इमारत कोणाच्या नावावर आहे? ही, आणि बाकीची सगळी वसतिगृहं? माझ्या ट्रस्टच्या. संध्याकाळपर्यंत एकेकाला कुलूप ठोकतो. तुझ्या पोरी सामानासकट रस्त्यावर. मग बघतो कोण स्टुलावर चढतंय.

भोंगा : लावा की! कुलूप मी आणून देऊ? चांगलं थोरलं बघून आणते. फोटोत नीट दिसायला हवं.

साहेब : कसला फोटो?

लेक : फाटकावरची पाटी आठवते का, बाबा? तुमचं नाव. पहिल्या वसतिगृहावर हातभर अक्षरं होती. पुढच्या वेळी रंगारी तुमचा निरोप घेऊन आला, आणखी मोठी हवीत. त्याच्या पुढच्या वेळी त्याहून मोठी. आता तर नाक्यावरून वाचता येतं.

साहेब : मग? तू कधी नको म्हणाली नाहीस.

लेक : कशाला म्हणेन? पहिल्या पाटीला रडले. दुसरीपासून मीच शिडी धरायला उभी राहिले. लोक म्हणायचे, किती गुणाची लेक! आता लावा कुलूप. वर तुमचं नाव, खाली कुलूप आणि पायरीवर गाद्या-पेट्या घेऊन बसलेल्या मुली. सगळं एकाच फोटोत. माझं नाव तर कुठंच नाही. लोक मला काही विचारणार नाहीत.

साहेब : ...तू हे ठरवून केलंस.

लेक : पाटी तुमची हौस होती. मी फक्त आड आले नाही.

साहेब : आणि निवडणूक झाल्यावर? मी पडलो तरी इमारती माझ्याच राहतात. तेव्हा फोटोला कोण घाबरतंय? तेव्हा लावीन कुलूप!

भोंगा : ताई... हे मात्र खरंय.

लेक : माहीत आहे. म्हणून गेला महिनाभर जुन्या मुलींच्या घरी फिरतेय. एकेकीनं इथल्या दोन-दोन मुलींना ठेवून घ्यायचं कबूल केलंय. कोणाचं घर दोन खोल्यांचं, कोणाची सासू कटकटी, तरीही.

साहेब : अगं, लग्न केलं नाहीस, कुठं फिरली नाहीस, सगळं आयुष्य घातलंस या भिंतींत! आणि जाऊ देणार?

लेक : जाऊ देणार. तुमची खुर्ची गेलेली बघायला तेवढी किंमत पडतेय.

साहेब : इतका राग? बापावर?

लेक : राग नसता तर इतकं काम झालं नसतं, बाबा. लोकांना वाटतं, मायेनं केलं. मायेनं माणूस दुपारी थकून झोपतो.

साहेब : ...बरं. हे बघ बाळ, भांडायला नको. आजची सभा तुझी. तू बोल, मी खाली खुर्चीवर बसतो. पुढच्या निवडणुकीला उमेदवारी तुझी. सगळ्यांसमोर जाहीर करतो. फक्त हिचा अर्ज मागे.

भोंगा : ताई, तुम्हाला उभं राहायचं असेल तर... म्हणजे मी आत्ता जाते. रिक्षा खालीच आहे. खरंच.

लेक : गप्प बस. आयुष्यात पहिल्यांदा तुला हे सांगतेय, तर ऐक. बाबा, मी बोलू म्हणता? तुमच्या माईकवर?

साहेब : हो, माझ्या माईकवर.

लेक : वायर कोण धरणार?

साहेब : कसली वायर?

लेक : सोळा वर्षांची होते. तुमची पहिली मोठी सभा. मी माईकपाशी गेले, नमस्कार म्हणाले. तुम्ही माईकवाल्याला खूण केलीत, बंद कर. तो म्हणाला, लेकरू बोलतंय साहेब, बोलू द्या. तेव्हा तुम्ही स्वतः वायर उपटलीत. आणि मोठ्यानं म्हणालात, पोरीला हात जोडायला आणलंय, बोलायला नाही! काय हसले होते सगळे!

साहेब : एवढं... अगं, एवढ्याशा गोष्टीसाठी?

भोंगा : एवढीशी? त्यानंतर त्या माईकवाल्याला एका सभेचं काम मिळालं नाही, साहेब. तुम्ही मिळू दिलं नाहीत. कर्णे विकले, मग घर विकलं, मग मला इथं आणून सोडलं.

साहेब : ...तू त्याची?

भोंगा : धाकटी. आवाज कुठून आला वाटलं तुम्हाला?

लेक : बघ गं, किती वाजले?

भोंगा : तीन. वर चार मिनिटं.

लेक : झालं तर मग. बाबा, तुमचा ड्रायव्हर फाटकाशी थांबलाय. जिना जपून उतरा, कठडा हलतो.

साहेब : जातो. एक सांग. त्या दिवशी तू बोलणार काय होतीस?

लेक : आता त्याचं काय?

साहेब : सांग ना. इतकं मनात धरलंस, काहीतरी मोठं असेल.

लेक : नाही हो. आईनं एकच ओळ पाठ करून घेतली होती. ‘माझ्या बाबांना मत द्या, ते कोणालाच गप्प बसवत नाहीत.’