एक दिवस आधीचे बटाटे

पद्मा : पण मी सांगितलं होतं का, एवढंच विचारते. नारळ आणि शिंगाड्याचं पीठ आणायला मोती चौकात गेले, तासाभरात परत आले. तेवढ्यात तीन किलो बटाटे उकडून, सोलून, कुस्करून मोकळे?

अनंत : कुस्करलं न्हाई. पुरणयंत्रातनं काढलंय. एक गुठळी दाखव, नाव बदलीन.

पद्मा : महाशिवरात्र उद्या आहे.

अनंत : म्हणून तर आज केलं.

पद्मा : पॅटीसचा बटाटा आदल्या दिवशी करून ठेवत नाहीत हो. पाणी सुटतं त्याला. त्यात हा नवा बटाटा, जात्याच चिकट. उद्या तेलात सोडला की फुटणार, सारण एकीकडे आणि बटाटा एकीकडे.

अनंत : फ्रीजमदी ठेवू की. डब्यात, झाकण लावून.

पद्मा : ते तुम्ही आत्ताच लावलंय, गरमागरम असताना. उचला जरा. बघा आतून कसा घाम आलाय.

अनंत : पुसून घेतो.

पद्मा : पुसा. एसटी स्टँडवर पस्तीस वर्षं गाड्या वेळेवर सोडल्यात, आता रिटायर झाल्यावर घर वेळेच्या आधी सोडताय. पाहुणे यायच्या आत मला चहा गाळून ठेवायला लावता, तो गार होतो, मग मलाच परत तापवायला सांगता. सोनियाच्या पोरीच्या बारशाला गेलो तेव्हा बाळाची अंघोळसुद्धा व्हायची होती.

अनंत : येळेआधी गेलं की बसाया जागा गावती.

पद्मा : मिळाली ना. आपणच दोघं होतो मांडवात. मांडववाले खुर्च्या उतरवत होते आणि तुम्ही त्यांना मोजून देत होता. बरं, हे हिरवं हिरवं काय दिसतंय ह्यात?

अनंत : वाटण. तुझंच की. फ्रीजमदी निळ्या झाकणाच्या डबीत हुतं. म्हटलं, मिरची वाटायचा तुझा तरास वाचला.

पद्मा : निळ्या झाकणाच्या.

अनंत : व्हय.

पद्मा : सगळं घातलंत?

अनंत : डबी धुऊन पालथी बी घातलीया.

पद्मा : अहो, त्यात लसूण आहे.

अनंत : कशात?

पद्मा : वाटणात. आलं, लसूण, मिरची. रविवारी वांग्याला केलं होतं, त्यातलं उरलेलं. आता ते उपवासाच्या बटाट्यात. जिन्यात वास आला मला. म्हटलं, खालच्या बिऱ्हाडात काहीतरी चमचमीत चाललंय. ते माझ्याच ओट्यावर.

अनंत : मला कुठं वास येतोय.

पद्मा : तुम्हाला येत नाही हे मला माहीत आहे. पण ज्याला वास येत नाही त्यानं विचारावं. फोन खिशातच असतो ना? एक फोन. 'पद्मा, निळी डबी घालू का?' संपलं.

अनंत : धुतलं तर जाईल का गं?

पद्मा : काय धुणार? कुस्करलेला बटाटा? धुवा. चाळणीत घ्या आणि नळाखाली धरा. मी बघत बसते.

अनंत : चिडू नको. मी खाली जाऊन दुसरं बटाटं आणतो. आत्ता जातो.

पद्मा : आत्ता नाही जायचं. बसा त्या स्टुलावर. आधी मला एक कळू द्या. चौतीस वर्षं मी शिवरात्रीला पॅटीस करते, आईंच्या हाताखाली शिकले. इतक्या वर्षांत तुम्ही एकदा तरी स्वयंपाकघरात पाय ठेवलाय का? पाणी प्यायलासुद्धा बाहेरून हाक मारता. मग आजच काय झालं?

अनंत : काय न्हाई.

पद्मा : अहो.

अनंत : देवा दोन तास येणार हाय.

पद्मा : माहीत आहे मला. मलाच फोन करून सांगितलंय भाऊजींनी. लेकीच्या, शिवांजलीच्या लग्नाची पत्रिका द्यायची म्हणून सांगलीहून येतायत, बाराला येणार, दोनला जाणार.

अनंत : मग. त्या दोन तासातला सव्वा तास तू कढईपुढं असणार. एक घाणा, दुसरा घाणा, वाढ, परत तळ. त्याची बायकू अबोली तुझ्या मदतीला आत येणार. बाहेरच्या खोलीत कोण ऱ्हायलं? मी आन् तो.

पद्मा : हो. सख्खे भाऊ आहात.

अनंत : सात वर्सं एक शब्द बोललो न्हाई आमी. काय बोलू मी त्याच्यासंगं? पाऊसपाणी? म्हटलं, बटाट्याचं आजच उरकलं तर उद्या तुला नुसतं तळायचंच ऱ्हाईल. बाहेर येऊन बसशील. तू असलीस की तो बोलतो.

पद्मा : हे आधी सांगितलं असतंत तर मी साबुदाण्याची खिचडी केली असती. अर्ध्या तासाचं काम. आणि बसले असते.

अनंत : पॅटीस आई करायची. त्याला त्येच आवडतं.

पद्मा : घ्या. म्हणजे खिचडीही नको, पॅटीसही पाहिजेत, मी बाहेरही पाहिजे आणि लसूणही तुम्हीच घातला. तो नारळ फोडून द्या तेवढा. द्या ती खवणी इकडे.

अनंत : त्यो काय म्हणाला फोनवर? माझं नाव काढलं?

पद्मा : 'दादा घरी असेल ना' असं विचारलं.

अनंत : असावा म्हणून का नसावा म्हणून?

पद्मा : मी काय त्यांच्या पोटात शिरून बघितलं? विचारलं, एवढं खरं.

अनंत : माझं काय चुकलं हुतं, पद्मा? आई गेली तवा भर पावसाचं दिवस. गावातली म्हातारी माणसं म्हणायला लागली, मातीला उशीर करू नका, दिवस मावळायच्या आत हुऊ दे. तो पलटणीत, लेहला. इमान उडतंय का न्हाई त्याचा पत्ता न्हाई.

पद्मा : उडालं होतं. उद्या दुपारी पोचतो म्हणून फोन आला होता. तुम्ही माझ्यासमोर घेतलात तो.

अनंत : तो म्हणाला हुता, थांब. मी हो म्हणालो हुतो.

पद्मा : हो म्हणालात. आणि संध्याकाळी पाचला सगळं आटोपलंत.

अनंत : मला वाटलं, आता हाय ते नीट पार पडू दे. आणखी उशीर झाला तर आणखी काय हुईल, न्हाई का. माझ्या डोक्यात आपलं त्येच असतंय.

पद्मा : मला माहीत आहे तुमच्या डोक्यात काय असतं ते. त्यांना नाही माहीत. ते आले तेव्हा पोत्यात राख भरून ठेवलेली होती, आणि तुम्ही सांगायला लागलात, दहाव्याची सगळी व्यवस्था झाली आहे.

अनंत : झाली हुती की.

पद्मा : हात जोडते तुमच्यापुढे. नारळ फोडा.

(अनंत नारळ फोडतो, पद्मा त्यातला अर्धा खवायला घेते. तिचा फोन वाजतो. हात नारळाच्या चवानं भरलेत म्हणून ती करंगळीनं स्पीकर लावते.)

देवदत्त : वैनी, नमस्कार. देवदत्त बोलतोय. उद्याच्या प्रोग्राममदी जरा बदल झालाय.

पद्मा : येत नाही म्हणू नका.

देवदत्त : येतोय, येतोय. पण अकराला येऊन बाराला निघू. म्हसवडला सिद्धनाथापुढं पत्रिका ठिवायची ऱ्हायलीय, तितनं सांगली गाठायची, आन् अंधारात गाडी चालवायची न्हाई अशी अबोलीची ऑर्डर हाय. तवा फराळाचं काय करू नका. निस्ता चा घिऊ.

पद्मा : बरंच झालं. फराळाचं काही उरलेलंच नाही.

देवदत्त : का ओ?

पद्मा : पॅटीसच्या बटाट्यात लसूण पडला. तीन किलो.

देवदत्त : तुमच्या हातनं?

पद्मा : माझ्या हातून पडेल का? तुमच्या दादांच्या. उद्याचं काम आज करायला गेले.

देवदत्त : दादा स्वयंपाकघरात?

पद्मा : पुरणयंत्र फिरवून. गुठळी नाही एकसुद्धा, तेवढं मात्र खरं. वाटणाची डबी न विचारता उपडी केली.

देवदत्त : आन् लसणीचा वास आला न्हाई त्याला? ल्हानपणी आई चुलीवर काय करतीया ते ह्यो वढ्यापस्नं सांगायचा.

पद्मा : त्यांना वास येत नाही आता, भाऊजी. कोरोना झाला तेव्हापासून.

देवदत्त : दादाला कोरोना झालता?

पद्मा : दुसऱ्या लाटेत. अकरा दिवस ऑक्सिजनवर होते.

देवदत्त : अकरा दिवस.

पद्मा : हो.

देवदत्त : मला कुणी सांगितलं न्हाई.

पद्मा : मी फोन हातात घेतला होता. ह्यांनी आपल्या गळ्याची शपथ घातली. म्हणाले, त्याला सुट्टी मिळायची नाही, वाटेत अडकेल, तळमळत बसेल. एकदा बसवलाय तेवढा पुरे.

देवदत्त : असं म्हणाला?

पद्मा : तोंडाला मास्क होता. दोनदा विचारलं तेव्हा मला कळलं.

देवदत्त : वैनी, फोन स्पीकरवर हाय का?

पद्मा : हो. हात भरलेत माझे.

देवदत्त : तो तितंच हाय?

पद्मा : स्टुलावर बसलेत. हातात अर्धा नारळ आहे.

देवदत्त : ऐकतोय सगळं.

पद्मा : ऐकू व्यवस्थित येतं त्यांना. तेवढं शाबूत आहे.

अनंत : देवा.

देवदत्त : बोल.

अनंत : चुकलं माझं.

देवदत्त : लसणीचं ना?

अनंत : लसणीचं बी.

पद्मा : अहो, नारळ खाली ठेवा, पाणी गळतंय पायावर. भाऊजी, आहात ना?

देवदत्त : हाय. बोला तुमी.

पद्मा : मी म्हणते ते ऐकून घ्या, मग काय ते ठरवा. हा बटाटा मी टाकून देणार नाही, तीन किलो आहे. उपवासाला चालत नाही, पण पारण्याला चालतो. मीठ, हळद घातली की वड्याचंच सारण आहे हे. परवा सकाळी उपवास सोडायचा तो ह्या वड्यांवर. आम्ही दोघंच, तीन किलो संपायचे नाहीत.

देवदत्त : परवा सकाळी आमी सांगलीत असणार, वैनी.

पद्मा : असाल. नाहीतर असं करा, उद्या सावकाश या. रात्री राहा. परवा पारणं करून इथूनच म्हसवडला जा, उजेडात. अबोलीचीही ऑर्डर पाळली जाईल.

देवदत्त : कपडं बिपडं काय घेतलेलं न्हाईत.

पद्मा : अजून निघालाच नाही तुम्ही. उद्या निघणार आहात.

देवदत्त : तेबी खरं.

अनंत : देवा, न्हाई जमलं तर ऱ्हाऊ दे. बळजबरी न्हाई.

पद्मा : तुम्ही गप्प बसा जरा. आत्ताच कुठं ते हो म्हणायला लागलेत आणि तुम्ही आधीच नाही म्हणून घेताय.

देवदत्त : वैनी, त्याला बोलू नका. दादा.

अनंत : काय रं.

देवदत्त : किती दिवस वास न्हाई म्हणालास?

अनंत : पाच वर्सं हुतील आता.

देवदत्त : कशाचाच?

अनंत : कशाचाच न्हाई. पावडर कुठली, फिनेल कुठलं, काय कळत न्हाई. परवा उदबत्ती उलटी पेटवली.

देवदत्त : डॉक्टरला दाखवलं का? मिलिटरी हॉस्पिटलात माझ्या वळखीचा एक हाय. पुण्याला. बोलतो त्याच्यासंगं.

अनंत : आता काय त्याला. चालतंय.

देवदत्त : चालत न्हाई. उद्या बोलू आपण. निवांत.

अनंत : बरं.

देवदत्त : गाडी कुठं लावायची? निस्तं तासभर उभी करायची तर रस्त्यावर चालती. रातभर म्हणजे जागा पायजे.

अनंत : खाली जिन्यापाशी लाव. माझी स्कूटर असती तितं, ती काढतो मी.

देवदत्त : बसंल ना? मोठी हाय गाडी.

अनंत : बसंल. मी उभा ऱ्हातो मागं, हात करतो तुला.

देवदत्त : चालंल. वैनी, वडं जरा तिखट करा. ठेवतो.

पद्मा : आता तुम्ही काय शोधताय? स्कूटरची किल्ली? अहो, ते उद्या यायचेत. उद्या, बाराच्या पुढे. बटाटे आणायचे राहिलेत, हा नारळ अर्धा तसाच पडलाय, ओट्यावर पाणी झालंय, आणि तुम्ही आत्ताच निघालात जागा करायला. अहो, ऐकताय का? बरं, जा. निदान चपला तरी घाला.