हातावरचं नाव

तेरच्या मतदान केंद्राबाहेर चिठ्ठ्यांच्या टेबलापाशी नारायणराव एका म्हातारीमागं उभे होते.

टेबलावरचा पोरगा म्हणाला, "आजी, यादीत शेवंताबाई दोन आहेत. नवऱ्याचं नाव सांगा, मग चिठ्ठी देतो."

"म्या न्हाय घेत बाबा त्यांचं नाव."

"मग मत कसं देणार?"

"हातावर गोंदलंय की! वाच."

"पार पसरलंय. कसली शाई म्हणायची ही?"

"काजळाची. साठ वर्सं झाली. तुमची बोटावरची तरी दिवाळीपर्यंत टिकती का? दादा, तुमी चष्मेवाले, तुमी बघा."

नारायणरावांनी चष्मा दोनदा पुसला. "चुकलं तर सांगा हं... रामकिसन?"

"सापडलं! घ्या आजी चिठ्ठी."

"थांब रं. दादा, पुन्यांदा वाचा की, जरा मोठ्यानं. ते गेल्यापासून ह्या नावानं कुणी हाकच मारली न्हाय."