उसातला श्वास

मी मूळचा निफाडकडचा, वडील लग्नाच्या मांडवात कर्णे लावायचे, त्यांच्यासंगं वायरी जोडता जोडता मी आवाजाच्या नादी लागलो, अन् मंग मुंबईत एका स्टुडिओत चार-पाच वर्षं टेपा गुंडाळत, शिव्या खात शिकलो. नव्वदीच्या मधल्या सालात नाशिककडं एका मराठी पिच्चरचं शूटिंग निघालं, त्यात मला पहिल्यांदा एकट्यानं साउंड रेकॉर्डिस्टचं काम भेटलं. काय सांगू तुम्हाला, आनंद कमी अन् भीती जास्त. तेव्हा बहुतेक पिच्चरचा आवाज मागून स्टुडिओत भरायचे, पण आमच्या दिग्दर्शकाला जागेवरचाच पाहिजे व्हता, म्हंजे चुकलं तर सगळं माझ्याच डोक्यावर.

त्या दिवशी शूटिंग गोदावरीकाठी, उसाच्या बांधावर. आजीचं काम करणाऱ्या बाई, साठीच्या, आम्ही सगळे त्यांना माई म्हनायचो, त्या उसाला पाठ करून बसलेल्या. दुपारपासून मी हात वर करून दोनदा शॉट थांबवला व्हता, एकदा विहिरीवरच्या मोटारीपायी, एकदा ट्रॅक्टरपायी, अन् आवाज खरंच येत व्हता हो, पण दिग्दर्शक साहेब लय तापले, म्हनले, आता पुन्हा हात वर केलास तर मशीन बांध अन् एसटी पकड. ऊन उतरत आलेलं, रीळ थोडंच उरलेलं.

शॉट सुरू झाला. माई बोलायला लागल्या अन् माझ्या हेडफोनमध्ये त्यांच्या आवाजामागं एक श्वास आला. जड, घशात घरघरणारा. गाईचा नाय, कुत्र्याचा नाय. आमच्याकडं उसात बिबट्या असतो हे लहानपणापासून माहीत, पण इतका जवळ, अगदी कानाशी. माईक माईंच्या डोक्यावर धरलेला, ऐकणारा मी एकटा, बाकी कुणाला पत्ता नाय. अन् मी गप्प बसलो. हो, गप्प बसलो. साहेबांकडं पाहिलं, हात काय वर जाईना. म्हनलं भास असंल, भासच असंल. मंग दुसरा श्वास आला, पहिल्यापेक्षा जवळ.

ओरडलो तर जनावर बिथरंल म्हणून हेडफोन काढून सरळ कॅमेऱ्यापुढं गेलो, माईंचा दंड धरला, म्हनलं, माई, मागं न बघता चला. साहेब शिव्या देत उठले अन् तेवढ्यात ऊस हलला, माई बसल्या व्हत्या तिथंच बिबट्या बाहेर आला, आमच्याकडं पाहिलं अन् बांध ओलांडून निघून गेला.

साहेबांनी टेप लावून ऐकली. मला मिठी मारली. माझं नाव झालं, पुढं दहा-बारा वर्षं कामाची कमी पडली नाय. पण त्या टेपेत दोन श्वासांच्या मधी माईंची चार वाक्यं हायेत. अख्खी चार, कुणी मोजली नाय. तेवढा वेळ मी काम जाईल म्हणून भिऊन बसलो व्हतो. लोक कौतुक करायचे अन् मी विषय बदलायचो.

मागच्या वर्षी नाशिक रोडला माईंच्या घरी गेलो, त्यांना आता दिसत कमी, अन् सगळं सांगून टाकलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मंग म्हनल्या, चार वाक्यं म्हणजे पुष्कळ वेळ झाला रे. बस, एवढंच. निघताना पाया पडलो तर डोक्यावर हात ठेवला, म्हनल्या, जेवून जा.

जेवलो मी. देव त्यांना सुखात ठेवो. माझं काय, अजून हेडफोन चढवला की पहिलं मिनिटभर छाती धडधडती, ते आता जायचं नाय.