फोटोतली पोरगी

निकिता : मंग तू काय म्हणली त्या पाहुण्यायले?

रंगूबाई : म्हणलं, गेली मामाच्या घरी, केनवडले. रविवारी येते.

निकिता : आई, मी पुढ्यात चहाचा ट्रे घेऊन उभी होती.

रंगूबाई : पोराच्या मायनं मोबाइल काढला, फोटो पाहला, तुह्याकडं पाहलं. अन् तू आत गेल्यावर मले पुसते, 'हे लहानी का? मोठीले बलवा.' माह्या तोंडातून निंघूनच गेलं वं.

निकिता : मंग मी कोण झाली?

रंगूबाई : ...लहानी.

निकिता : वाशीमच्या फोटोवाल्याले मी सांगतलं होतं, गालावरचा डाग राहू दे. तूच म्हणली, पुसून टाक. त्यानं डाग पुसला, रंग उजळला, नाक बी सरळ केलं. माहं राह्यलं काय त्याच्यात?

रंगूबाई : समदेच करतात. शेजारच्या रुपाबाईच्या पोरीचं जमलंच ना.

निकिता : अन् रविवारी कोणाले बसवशीन त्यायच्या समोर?

रंगूबाई : तेच तं समजून नाही राह्यलं. तुह्या बाबानं गावभर सांगतलं, फोटो पसंत हाये म्हणून. पावडर जरा जाड लावली तं...

निकिता : तीन वर्सं लावली. आता नाही. रिसोडच्या बजारात मेथी मीच विकतो ना? तिथं कोणी नाही म्हणत, दुसरीले बलवा.

रंगूबाई : बजार येगळा, सोयरीक येगळी, बाई. अन् तुले काय सांगू... तो डाग दिसला का मले पोळ्याच्या सणाची ते कढई दिसते. माह्याच हातून सांडलं तेल. लोकं पुसतात, पोरगी कशानं भाजली, तं मले बोलताच येत नाही. म्हणून पुसाले लावला.

निकिता : मले तं आरशात तोच वळखीचा वाटते. फोटोतली मले वळखू येत नाही. लाव त्यायले फोन.

रंगूबाई : माह्याच्यानं नाही होत.

निकिता : मी लावून देतो. घे, बोल.

रंगूबाई : (फोन कानाला लावून) हॅलो... निकिताची आई बोलतो जी. नाही, मामाकडून आली नाही. ते गेलीच नोती. तुमाले चहा देल्ला ना, तेच निकिता... हॅलो?

निकिता : ठेवला?

रंगूबाई : ठेवला. आता तुह्या बाबाले काय सांगू मी?

निकिता : त्यायले मंग सांगू. पह्यले इकडं ये. या गालाले हात लाव.

रंगूबाई : दुखीन तुले.

निकिता : सतरा वर्सं झाले, आई.