आबांची म्हैस आणि माझं प्रकरण

माझ्या अर्थशास्त्राच्या पुस्तकात बायकांच्या कामावर एवढं मोठं प्रकरण आलं, ते न्हावरे गावातल्या एका म्हशीमुळे! बहात्तरच्या दुष्काळानंतर मी तिथे सरकारी फॉर्म घेऊन पाहणीला गेले होते.

तिथले एक शेतकरी, आबा, यांना विचारलं, "मालकीणबाई काय काम करतात?"

"काय न्हाई. घरीच असती."

मी तसंच लिहिलं. तेवढ्यात त्यांच्या पत्नी सखूबाई कांदा खुरपून आल्या. "बाई, माझ्या नावाम्होरं काय लिवलं?"

मी वाचून दाखवलं.

"ऱ्हाऊ द्या. उद्यापास्नं खरं करून दावते."

दुसऱ्या दिवशी आबा लंगडत आले. "बाई, तेवढं खोडा. म्हस धार काढू देईना, लाथ घातली."

मी पेन उघडलं. मागून सखूबाई म्हणाल्या, "तुम्ही नगा लिवू, बाई. माझी कामं त्यांस्नीच लिवू द्या."