आबांचा दोरा मी कापला

माझ्यावर सगळ्यात जास्त उपकार कुणाचे असतील तर ते माझ्या वडिलांचे, आबांचे. हे आधी लिहून घ्या, कारण पुढचं ऐकून तुम्हाला वाटेल हा बापाच्या विरोधात बोलतोय. आमचं गाव राजापूरच्या वर सड्यावर, जांभा दगड आणि करवंदीच्या जाळ्या, आणि त्या दगडांत फुरसं. फुरसं म्हणजे हातभरसुद्धा नसलेला साप, अंगावर अंग घासून करकर आवाज करतो. लहान म्हणून माणसं त्याला मोजत नाहीत, आणि तोच घात करतो. आबा साप उतरवायचे. चार गावांतली माणसं चावलेल्याला डोलीत घालून आमच्या अंगणात आणायची, आबा काळा दोरा मंतरून पायाला बांधायचे, कडुलिंबाचा पाला चघळायला द्यायचे, कडू लागला की म्हणायचे उतरलं. आणि बहुतेक माणसं चालत घरी जायची, हे खोटं नाही. का जायची ते आज मला ठाऊक आहे, बहुतेक साप बिनविषारीच असतात, आणि विषारी असला तरी दर वेळी विष सोडतोच असं नाही. पण तेव्हा मला आमचे आबा म्हणजे देवच.

हा मंत्र बापाकडून थोरल्या मुलाला मिळतो, ग्रहणात बेंबीइतक्या पाण्यात उभं राहून. थोरला मी. दहावीत होतो, ग्रहण लागणार म्हणून पंचा खांद्यावर टाकून तयार बसलो, तर आबा म्हणाले, तू घरात बस, सायन्सचं पुस्तक वाच.  का ते आईनं मागाहून सांगितलं, त्याच वर्षी गुरवांची सून आमच्या अंगणात दगावली होती, नाग चावलेली, आबा दोन दिवस जेवले नव्हते. काय सांगू तुम्हाला, असा माझा बाप. त्यांनी मला पाण्यात उभं केलं नाही, कॉलेजात पाठवलं. आमच्या घरातला पहिला बी.एस्सी. मी, मग लॅबचा डिप्लोमा केला, आणि आता परळला एका इस्पितळाच्या रक्त तपासणीत आहे.

राहतो लालबागला, गावकीच्या खोलीत. म्हणजे गिरण्या होत्या तेव्हापासून आमच्या गावाच्या मंडळानं धरून ठेवलेली खोली, गावातला कुणीही पुरुष मुंबईत आला की त्याची ट्रंक तिथे भिंतीला लागते. रवीची ट्रंक माझ्या शेजारी. रवी हिंदमाताला साड्यांच्या दुकानात कामाला. त्याची बायको, आमची सुगंधावहिनी, गावाहून भाचीच्या लग्नाला आली आणि त्याच चाळीत खालच्या मजल्यावर नणंदेकडे उतरली.

ती आली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी ड्युटीला निघालो, जिन्यात रवी भेटला. म्हणाला, अरे दिन्या, परवा हिला लाकडं काढताना फुरसं चावलं, पण आबांनी उतरवलंय, टेन्शन नाय, फक्त दात घासताना जरा रक्त येतंय. मी तिथेच थांबलो. खाली जाऊन बघितलं तर वहिनी भिंतीला टेकून बसलेली, पाय गुडघ्यापर्यंत सुजलेला, आणि घोट्याच्या वर आबांचा काळा दोरा मांसात रुतलेला. लघवी लाल होतेय का विचारलं, तर मान खाली घातली. म्हटलं चल इस्पितळात. ती म्हणाली, भावोजी, आबांनी सांगितलंय, तीन दिवस सुई लावायची नाय, सुई लागली की उतरलेलं परत चढतं. हा आबांचा नियम, मी लहानपणापासून ऐकलेला. मी म्हटलं, वहिनी, आबांचा मुलगा सांगतोय, चल. त्यावर ती उठली. माझ्यामुळे नाही, आबांच्या नावामुळे उठली, हेही लिहा.

आमच्या लॅबमध्ये फुरशाच्या विषाची एक साधी परीक्षा आहे. काचेची नळी घ्यायची, कोरी, कोरडी. साबणानं धुतलेली चालत नाही, त्यात चांगलं रक्तही नीट गोठत नाही. थोडं रक्त घ्यायचं, नळी उभी ठेवायची आणि वीस मिनिटं हात लावायचा नाही. फुरशाचं विष रक्ताची गोठायची ताकदच संपवतं, मग ते हिरड्यांतून, लघवीतून, कुठूनही गळायला लागतं. रवी माझ्या शेजारी उभा. दर मिनिटाला, झालं काय रे? जरा हलवून बघ ना. मी म्हटलं, हात लावलास तर तुझा हात मोडेन. वीस मिनिटांनी नळी कलती केली. पाण्यासारखं वाहिलं.

ड्युटीला डॉक्टर फर्नांडिस मॅडम होत्या, माझगावच्या, बोलायला फटकळ. म्हणाल्या, हा धागा कोणी बांधला? दोन दिवस काय करत होता तुम्ही लोक? रवीनं माझ्याकडे बघून डोळ्यांनी सांगितलं, गप. मी गप बसलो असतो तर कुणाला कळलंही नसतं. मी म्हटलं, मॅडम, माझ्या वडिलांनी बांधला, त्यांचं नाव लिहा. त्यांनी केसपेपरवर लिहिलं. वहिनी दोऱ्यावर हात ठेवून बसली, कापू देईना, नर्सला ढकलत होती. मग कात्री मी घेतली. रडत होती ती. मी कापला.

मग सापाच्या विषावरची लस चढवली. ती कशी करतात ते वहिनीला मी तिथेच सांगत बसलो, तिचा हात सोडवेना म्हणून. सापाचं विष काढतात, घोड्याला थोडं थोडं टोचतात, घोड्याचं रक्त त्या विषाशी झुंजायला शिकतं, आणि त्या रक्तातून हे औषध निघतं. म्हणजे विषावाचून ह्याचं पान हलत नाही. आमच्या लॅबच्या फ्रीजमध्ये घोणस सापाच्या विषाचं एक रसायन असतं, त्यानं आम्ही रक्ताचे काही आजार शोधतो. आणि मॅडम म्हणतात, ब्लडप्रेशरच्या काही गोळ्यांचा शोधही एका परदेशी सापाच्या विषावरूनच लागला. वहिनी म्हणाली, म्हणजे घोड्यानं पण माझ्यासाठी सुई घेतली? म्हटलं, हो. तेव्हा कुठे जरा हसली. सहा तासांनी परत नळी लावली, परत पाणी. परत लस. त्यानंतरच्या नळीत रक्त गोठलं. मी ती नळी उलटी करून रवीच्या नाकासमोर धरली, थेंब पडला नाही.

रविवारी दुपारी खोलीत बैठक. खोलीचे कारभारी दत्तूकाका म्हणाले, बापाचा नाव सरकारी कागदावर घातलास, लाज नाय वाटली? चार गावात तोंड दाखवायचा कसा त्यानं? माफीची चिठ्ठी लिही, नायतर ट्रंक उचल. मी म्हटलं, काका, ट्रंक उचलणार नाही आणि माफी मागणार नाही. पुढच्या वेळी कुणाच्याही बापानं बांधला असेल तरी हेच सांगेन, आणि तुमच्या घरातलं माणूस असलं तर आधी सांगेन.  रवी उठला आणि माझ्या ट्रंकेवर जाऊन बसला. ट्रंक अजून तिथेच आहे.

पण बातमी गावाला पोचली होती, फोन केला तर आबांनी तो माझ्या बहिणीच्या हातात दिला. तीन वेळा दिला. म्हणून मग पत्र लिहिलं, आणि गावी जाणाऱ्या वहिनीच्याच हाती पाठवलं. माफी नाही त्यात. नक्कल माझ्याकडे आहे, वाचून दाखवतो, तसंच उतरवून घ्या.

ती. आबांस,
साष्टांग नमस्कार.
हे पत्र देणारी वहिनी चालत आली आहे, ती बघा. तुमचा दोरा मी कापला. रागानं नाही कापला, तो मांसात रुतला होता. तुमचं नाव मीच सांगितलं. ते खरं होतं, म्हणून माफी मागत नाही. मी ह्या कामाला लागलो तो तुमच्यामुळे, हेही मी तिथे सगळ्यांना सांगतो.
माणसं तुमच्याकडे यायची थांबणार नाहीत. माझं ऐकून ती दवाखान्यात जाणार नाहीत, तुमचं ऐकून जातील. म्हणून पुढचं माणूस अंगणात आलं की दोरा बांधू नका, पाय हलवू देऊ नका, सुई नको म्हणू नका. वाडीतली रिक्षा बोलवा आणि स्वतः शेजारी बसून त्याला सरकारी दवाखान्यात न्या.
मंत्र सोडा असं मी म्हणत नाही. रिक्षात बसून म्हणा, दवाखान्याच्या दारापर्यंत म्हणा.
तुमचा,
दिनेश