सर्वानुमते मंजूर

इचलकरंजीच्या एस.टी.साठी अंबादास मास्तर कोल्हापुरात रांगेत उभे होते. पुढं बाळाप्पा आणि त्याची धाकटी बहीण शांतव्वा, परवाच्या ग्रामसभेवरनं भांडत होते.

“सभेला आल्यालं साहेब म्हणालं, लोकांनी बोलाय पायजे. म्हणून मी त्वांड उघडलं.”

“बायकांनी बोला म्हणाला न्हाई त्यो.”

“मग बायका लोकांत येत न्हाईत व्हय, अण्णा?”

“आता सोड की. झालं ते झालं.”

“आमच्या गल्लीत विहीर मागितली मी. मंजूर काय झालं? सरपंचाच्या मळ्याकडं रस्ता!”

“सर्वानुमते झाला. तुझाबी अंगठा हाय कागदावर.”

“त्यो हजेरीचा म्हणून घेतला की माझ्याकडनं!”

“हजेरी लावली की मत आलंच. लोकशाही म्हंत्यात तिला.”

“असली लोकशाही सरपंचाच्या बैलांला घाल. खातील तरी.”

शाळेत नागरिकशास्त्र शिकवणाऱ्या मास्तरांना राहवेना.

“बाई, तुम्ही कचेरीत लेखी तक्रार द्या.”

“तिथनंच आलोय, पावणं. कारकुनानं काय लिवलं ते वाचून दावंना. वर म्हणतोय, हितं अंगठा उठवा.”

“मग?”

“न्हाई उठवला. तुमी शिकल्यालं दिसतासा. सांगा बरं, सही शिकाय किती दिस लागत्यात?”